आंबा-अननसाचं थंडगार पुडिंग: नाशकात मिळणाऱ्या सामानाची परीक्षा

नारळाच्या दुधात मिसळलेला आंब्याचा गर, त्याला वेलदोडा आणि गवती चहाचा वास, खरवसासारखा लवलवीत पोत आणि वर चक्रीफुलाबरोबर परतलेलं अननस. वरून साखर नाही, कस्टर्ड पावडर नाही, क्रीम नाही. उन्हाळ्यात जेवणानंतर द्यायला याच्यासारखं दुसरं थंड नाही असं माझं ठाम मत आहे. पण हा पदार्थ गॅसवर बिघडण्याआधी अर्धा दुकानातच बिघडतो. गराचा डबा चुकीचा घेतला की साखर आपोआप आत येते. नारळाचं दूध पातळ निघालं की पोत जातो, आणि पुडिंग घट्ट करणारं चायना ग्रास कसलं आहे ते कळलं नाही तर एकतर रबर होतं नाहीतर सरबत. म्हणून इथे परीक्षा सामानाची आहे आणि कृती तिच्या ओघात येईल. ब्रँडची नावं घेतलेली नाहीत. लेबलवर काय शोधायचं ते कळलं की नावावाचून अडत नाही.

सगळ्यात आधी गर. नाशकात तो तीन रूपांत मिळतो: हंगामात ताजा आंबा, वर्षभर 850 ग्रॅमचा पत्र्याचा डबा, आणि मोठ्या दुकानांच्या फ्रीझरमध्ये गोठवलेलं एक किलोचं पाकीट.

डबा हा सगळ्यांच्या ओळखीचा. आमरसाची तहान तो भागवतो, पण या पुडिंगसाठी मी तो घेणार नाही. बहुतेक डब्यांच्या घटकांमध्ये आंब्याच्या पाठोपाठ साखर आणि आयएनएस 330, म्हणजे सायट्रिक अ‍ॅसिड, लिहिलेलं असतं. पोषणमूल्यांच्या तक्त्यात ‘अ‍ॅडेड शुगर’ ही ओळ बघावी. ती अस्पष्ट असेल तर एकूण साखरेचा आकडा बघावा. पिकलेल्या आंब्यात 100 ग्रॅममागे साधारण 14 ग्रॅम साखर स्वतःची असते. डब्यावर 20 च्या वरचा आकडा दिसला की वरची साखर कुठून आली ते वेगळं सांगायला नको. दुसरी अडचण वासाची. डबाबंद करताना गर तापवावा लागतो, त्यामुळे त्याला शिजवल्याचा एक वास येतो. आमरसात तो खपतो, इथे मात्र गवती चहाच्या कोवळ्या वासाशी भांडतो. आणि डब्यावर हापूस किंवा केशर असं काही न लिहिता नुसतं ‘मँगो पल्प’ लिहिलेलं असेल तर आत बरेचदा तोतापुरी असतो. रंग झकास, वास नाही. डबाच घ्यायचा झाला तर जोडाच्या कडेवर पोचा नसलेला, झाकण न फुगलेला घ्यावा आणि उघडल्यावर उरलेला गर लगेच काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात काढावा. आंबट गर उघड्या पत्र्यात ठेवू नये.

गोठवलेलं पाकीट हीच माझी पहिली पसंती. अर्थात ‘अनस्वीटन्ड’ असं स्पष्ट लिहिलेलं आणि घटकांत फक्त आंबा असलेलं. वास ताज्याच्या जवळ जाणारा, रंग खरा आणि गोडी आपल्या हातात. याची एकच गोष्ट नीट पाहावी लागते: वाटेत ते वितळून पुन्हा गोठलं आहे का? पाकीट सपाट, टणक आणि एकसारखं हवं. एका कोपऱ्यात गोळा झालेलं, आतून बर्फाचे जाड खडे दिसणारं पाकीट सोडून द्यावं. एप्रिलच्या दुपारी नाशकात पारा चाळिशीला टेकतो. अशा वेळी शालिमारहून इंदिरानगरला पाकीट नुसत्या कापडी पिशवीत आणलं तर घरी पोचेपर्यंत कडा पाणी सोडू लागतात. संध्याकाळी आणावं, किंवा जाड वर्तमानपत्राच्या चार घड्यांत गुंडाळावं. घरी पूर्ण पाकीट वितळवू नये. टणक असतानाच कात्रीने पाकीट कापून सुरीने हवा तेवढा तुकडा तोडावा, बाकीचा घट्ट बांधून फ्रीझरमध्ये परत ठेवावा. तोडलेला तुकडा रात्रभर फ्रिजच्या खालच्या कप्प्यात सुटू द्यावा. एकदा सुटलेला गर पुन्हा गोठवायचा नाही.

हंगामात मात्र ताज्याला तोड नाही. एप्रिल-मेमध्ये कोकणातला हापूस येतो आणि पुढे जूनपर्यंत केशर मिळतो. पुडिंगसाठी मी केशर आंबा निवडेन. त्याचा आंबटगोडपणा नारळाच्या स्निग्धपणाला बरोबर कापतो, तर हापूस नारळाबरोबर थोडा सुस्त होतो. एक किलो फळांतून साधारण 550 ते 600 ग्रॅम गर निघतो, म्हणजे इथल्या मापाला अर्ध्या किलोहून जरा जास्त फळं लागतात. हापूस कापताना साका तपासावा. गरात मधोमध पांढरट, स्पंजासारखा आंबूस भाग दिसला तर तो पूर्ण काढून टाकावा, कारण तेवढा चमचाभर भाग सगळ्या वाटीची चव बिघडवतो. गर मिक्सरमधून काढून गाळणीतून घासून घ्यावा. रेषा राहिल्या तर वडी कापताना सुरीला लोंबतात.

नारळाचं दूध. इथे लोक सगळ्यात जास्त फसतात. कार्टनवर नारळाचं चित्र सारखंच असतं, आतला माल वेगळा. स्वयंपाकाच्या नारळाच्या दुधात स्निग्धांश 17 टक्क्यांच्या आसपास किंवा वर असतो. ‘कोकोनट मिल्क ड्रिंक’ किंवा ‘बेव्हरेज’ म्हणून विकलं जातं ते प्यायचं पातळ दूध. त्यात स्निग्धांश जेमतेम दोन-तीन टक्के असतो आणि पुडिंगला त्याचा काही उपयोग नाही. 200 मिलीचं कार्टन एका वेळच्या कृतीला नेमकं पुरतं, म्हणून मोठा डबा घेण्यापेक्षा तेच बरं.

हिवाळ्यात नाशिककरांची एक तक्रार हमखास असते: कार्टन उघडलं तर आत पांढरा गोळा आणि खाली पाणी, म्हणजे माल खराब निघाला. खराब नसतो. खोबऱ्याचं तेल साधारण 24 अंशांखाली गोठतं आणि डिसेंबर-जानेवारीत आपल्याकडे रात्री पारा दहाच्या आसपास येतो. फडताळातलं कार्टन गोठणारच. न उघडता दहा मिनिटं कोमट पाण्यात ठेवावं, जोरात हलवावं, दूध एकजीव होतं. वास आंबूस किंवा खवट आला तरच फेकावं.

नारळाच्या दुधाची पावडर सोयीची आहे, पण लेबल वाचूनच घ्यावी. बऱ्याच पावडरींत माल्टोडेक्स्ट्रिन आणि सोडियम केसिनेट असतं. केसिनेट हे गाईम्हशीच्या दुधातलं प्रथिन. दूध टाळायचं म्हणून नारळाकडे वळलेल्यांना हे माहीत असायला हवं. शिवाय कच्चं अननस वर पडलं की त्यातलं ब्रोमेलेन हे विकर त्याच प्रथिनाला तोडतं आणि दोन-तीन तासांत कडवट चव येते. कच्च्या अननसाचं श्रीखंड केलं की चक्का पाणी सोडतो आणि कडू लागतो, त्यामागचं कारणही हेच.

घरी काढलेलं दूध चवीला सगळ्यांत वरचढ. एक मध्यम नारळ खवून, पाऊण वाटी कोमट पाणी घालून मिक्सरमधून काढावा आणि पंचात पिळावा, साधारण 200 मिली दाट दूध मिळतं. पण दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. उन्हाळ्यात हे दूध बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये. आणि त्यात कार्टनसारखा स्थिरक नसल्याने मिश्रण फार गरम ओतलं तर साय वर जाते, वडीचे दोन थर पडतात. मिश्रण जरा निवू द्यावं, सतत ढवळत राहावं आणि कडेला घट्टपणा येतोय असं वाटताच वाट्यांत ओतावं.

आता चायना ग्रास. नावात गवत असलं तरी हे समुद्रातल्या तांबड्या शेवाळापासून होतं. आपल्याकडे तमिळनाडूच्या किनाऱ्यावरही ते शेवाळ गोळा करतात. नाशकात भद्रकाली-रविवार कारंजा भागातल्या किराणा दुकानांत पट्ट्या आणि 10 ग्रॅमची पाकिटं मिळतात. पट्ट्या घेऊ नका, पावडर घ्या. पट्ट्या अर्धा तास भिजवून आठ-दहा मिनिटं उकळाव्या लागतात, तरी तळाशी चोथा उरतो आणि जोर दर पुडक्यागणिक बदलतो. पट्ट्याच असतील तर 3 ग्रॅम पावडरीऐवजी 4 ते 5 ग्रॅम घ्याव्यात आणि उकळी गाळून वापरावी.

जिलेटिन आणि जेलीची तयार पाकिटं या कामाची नाहीत. जिलेटिन प्राणिज आहे, हा एक भाग. दुसरा भाग असा की कच्चं अननस किंवा पपई यांच्यासमोर ते टिकत नाही, कारण ते स्वतःच प्रथिन आहे. तिसरं, ते शरीराच्या तापमानाच्या आतच वितळतं. मे महिन्यात गंगापूर रोडवरच्या घरातून पंचवटीतल्या कार्यक्रमाला डबा नेला तर पोचेपर्यंत झोळ. चायना ग्रास साधारण 35 ते 40 अंशांना घट्ट होतं, पण पुन्हा वितळायला त्याला 85 अंश लागतात. टेबलावर तासभर राहिलं तरी हलत नाही. जेलीच्या पाकिटांत तर मुख्य घटक साखरच.

3 ग्रॅम मोजायचे कसे? घरचे काटे इतक्या कमी वजनाला भरवशाचे नसतात. 10 ग्रॅमचं पाकीट कागदावर ओतून सुरीने तीन सारखे ढीग करावेत, एक ढीग म्हणजे आपलं माप. चमच्याने सपाट दीड छोटा चमचा.

सहा वाट्यांसाठी माप असं: आंब्याचा गर 300 ग्रॅम, नारळाचं दूध 200 मिली, पाणी 150 मिली, चायना ग्रास पावडर 3 ग्रॅम, वेलदोडे 5, गवती चहाच्या लांब पाती 2, किसलेलं जायफळ दोन चिमटी, मीठ एक चिमूट. वर घालायला अननस 200 ग्रॅम, चक्रीफूल 1, दालचिनीचा इंचभर तुकडा, दोन मिरे भरडून.

नारळाच्या दुधात ठेचलेले वेलदोडे आणि गाठ मारलेल्या गवती चहाच्या पाती घालून मंद आचेवर ठेवावं. कडेला बुडबुडे दिसले की बंद. खळखळ उकळलं तर दूध फाटून तेल वेगळं होतं. झाकण ठेवून दहा मिनिटं मुरू द्यावं, मग गाळावं. मसाल्यांचा वास पाण्यापेक्षा स्निग्धांशात चांगला उतरतो, म्हणून मसाले दुधातच घालायचे, गरात किंवा चायना ग्रासच्या पाण्यात नाही. गवती चहा दहा मिनिटांपेक्षा जास्त ठेवला की काढ्यासारखा लागतो. जायफळ आणि मीठ गाळल्यावर घालावं.

तोवर 150 मिली गार पाण्यावर पावडर भुरभुरावी आणि पाच मिनिटं फुलू द्यावी. गरम पाण्यात टाकली तर गोळे होतात, ते मग फुटत नाहीत. ढवळत उकळी आणावी आणि उकळी आल्यावर पूर्ण दोन मिनिटं शिजवावी. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे 600 मीटर उंचावर आहे, इथे पाणी साधारण 98 अंशांना उकळतं. चायना ग्रासला तेवढं पुरतं, मात्र ‘वाफ आली, झालं’ असं म्हणून चालत नाही. चमच्यात घेऊन उजेडात पाहावं, एकही दाणा दिसता कामा नये. या पाण्यात गर घालून एकत्र उकळण्याचा मोह टाळावा. आंबटपणात उकळलेलं चायना ग्रास कमजोर पडतं, आणि आंब्याचा वास उडतो तो वेगळाच.

सगळ्यात जास्त बिघाड होतो तो इथून पुढच्या अर्ध्या मिनिटात. फ्रिजमधला गार गर आणि त्यावर गरम चायना ग्रास ओतलं की ते जागीच गोठतं आणि गरात पारदर्शक शेवया तरंगतात. मग कितीही घुसळा, त्या जात नाहीत. गर आधी कोमट पाण्याच्या भांड्यात ठेवून 40-45 अंशांवर आणावा, बोटाला किंचित उबदार लागेल इतका. चायना ग्रासचं पाणी आधी गरम नारळाच्या दुधात मिसळावं आणि मग ते मिश्रण धार धरून गरात घालावं, एकीकडे रवीने किंवा व्हिस्कने हलवत.

ओतण्याआधी चव बघावी. गार पदार्थात गोडी आणि वास दोन्ही दबतात, म्हणून कोमट असताना मिश्रण जरा जास्तच गोड आणि जरा जास्तच वासाचं लागायला हवं. कमी वाटलं तर तीन-चार बिनबियांचे खजूर गरम पाण्यात भिजवून, वाटून घालावेत. रंग थोडा मळकट होतो, पण चव चांगली लागते. घट्टपणाची परीक्षा सोपी: स्टीलची ताटली पाच मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवून तिच्यावर एक चमचा मिश्रण टाकावं. मिनिटभरात त्याची कड बोटाने ढकलली की सुरकुतली पाहिजे. वाहिलं तर 1 ग्रॅम पावडर 50 मिली पाण्यात उकळून घालावी.

वाट्या बाहेरच अर्धा तास ठेवाव्यात, तेवढ्यात त्या धरतात. मग झाकून दोन तास फ्रिजमध्ये. लवकर गार व्हावं म्हणून फ्रीझरमध्ये अजिबात नाही. चायना ग्रास गोठून सुटलं की पाणी सोडतं आणि उरतो तो स्पंज. पट्ट्या बनवताना हाच गुण वापरतात: जेली गोठवायची, सुटू द्यायची, पाणी निथळलं की वाळवायची. वाटीत मात्र तो आपल्याला नको आहे.

शेवया झाल्याच तर फेकू नका. थंड झाल्यावर सगळं मिश्रण मिक्सरमधून मऊ फिरवा आणि पेल्यांत द्या. वडी पडणार नाही, पण पोत श्रीखंडाच्या जवळ जाणारा, गुळगुळीत होतो.

अननसाबद्दल. देठाजवळ वास येणारं, खालून पिवळं झालेलं फळ घ्यावं. बारीक तुकडे कोरड्या पसरट कढईत चक्रीफूल, दालचिनी आणि मिरं घालून मध्यम आचेवर सहा-सात मिनिटं परतावेत. आधी रस सुटतो, मग तो तुकड्यांवर चढतो. साखर लागत नाही. या आचेने ब्रोमेलेनही निकामी होतं, त्यामुळे हेच अननस कुणी चक्क्यावर घातलं तरी कडू होणार नाही. चक्रीफूल आणि दालचिनी लगेच काढून टाकावी, नाहीतर गार होता होता बडीशेपेचा वास सगळ्यावर चढतो.

मसाले घेताना वेलदोड्याची तयार पूड टाळा. तिच्यात बरेचदा सालही दळलेली असते आणि वास महिनाभरात बसतो. हिरवी, भरीव बोंडं घ्यावीत. दालचिनी म्हणून जाड, टणक सालीचे तुकडे मिळतात तो बहुतेकदा कॅशिया. कागदासारख्या पातळ पदरांची गुंडाळी असते ती खरी सिलोनची, चवीला सौम्य आणि इथे तीच शोभते. मसाल्यातलं केशर या पुडिंगात वाया जातं. आंब्याच्या रंगात त्याचा रंग दिसत नाही आणि वासही दबतो, ते श्रीखंडासाठी राखून ठेवा. लवंग नको, जीभ बधिर करते. केवडा किंवा गुलाबाचं इसेन्स घातलं की गवती चहाचा वास पार मरतो.

आरोग्याचा हिशेब सरळ मांडायला हवा. या मापात एका वाटीत साधारण 110 कॅलरी आणि 11 ग्रॅम फळांची साखर येते. नारळामुळे स्निग्धांश साडेपाच-सहा ग्रॅम, आणि तो बहुतांश संपृक्त. वरून 100 ग्रॅम साखर घालून केलेल्या पुडिंगात वाटीमागे आणखी 17 ग्रॅम साखर जाते, एवढा फरक. पण फळांची साखरही साखरच आहे. मधुमेह असणाऱ्यांनी ‘बिनसाखरेचं’ म्हणून दोन वाट्या घेऊ नयेत. आंबा त्यांच्या दिवसाच्या हिशेबात धरूनच अर्धी वाटी. स्निग्धांश कमी हवा असेल तर नारळाचं दूध 120 मिली आणि पाणी 230 मिली घ्यावं. वडी थोडी काचेसारखी होते, खरवसाचा गुळगुळीतपणा जातो, तरी चव शाबूत राहते.

आंबा नको असेल तर पिकलेली पपई चालते, पण तिला आंबटपणा नाही. 300 ग्रॅम गराला एक मोठा चमचा लिंबाचा रस लागतो, आणि तो चायना ग्रास मिसळून झाल्यावर शेवटी घालायचा. जानेवारी ते मार्चमध्ये दारात द्राक्षं असताना ती गरात वाटू नयेत, फार पाणी सुटतं. उभी चिरून, किंचित मीठ लावून अननसाच्या जागी वर घालावीत. भगव्या डाळिंबाचे दाणे मात्र वाढतानाच घालावेत, आधी घातले तर लाल रस पिवळ्यात उतरतो.

झाकलेल्या वाट्या फ्रिजमध्ये दोन दिवस राहतात. दुसऱ्या दिवशी वर चमचाभर पाणी दिसलं तर ते नुसतं ओतून टाकावं, आणि अननस वेगळ्या डब्यात ठेवून वाढायच्या वेळीच वर घालावं.